वजन गेलं कुणाच्या पाठीवर?

सत्तर टक्के. एल्डन रिंग खेळणाऱ्या कुठल्याही पोराला झोपेतून उठवून विचारा, हा आकडा तो सांगेल. अंगावरच्या चिलखताचं आणि हत्यारांचं वजन क्षमतेच्या सत्तर टक्क्यांच्या आत ठेवलं तर तुमचं पात्र नीट कोलांटी मारतं, समोरच्याचा वार चुकवतं. सत्तर ओलांडले की तेच पात्र धपकन आदळतं, उठायला वेळ लावतं आणि तेवढ्यात मरतं. खेळाच्या भाषेत त्याला 'फॅट रोल' म्हणतात. आमच्या बराकीत 'म्हैस लोळली' म्हणतात. शंभराच्या वर गेलात तर कोलांटीच नाही.

हा लेख या म्हशीबद्दल आहे. निवृत्त मंडळींनी लगेच पान बंद करू नये. 'साहेब, तुम्ही पण पोरांच्या खेळावर लिहायला लागलात का?' असं मला दोघा-तिघांनी आधीच ऐकवलं आहे. त्यांना माझं एकच सांगणं. ज्या पोरांना आपण उद्या पिठ्ठू बांधायला शिकवणार, ती पोरं भरती व्हायच्या आधीच वजनाबद्दल काहीतरी ठाम समजून आलेली असतात. ते कुठून येतं हे बघायला नको? आपल्या वेळी ते सिनेमातून यायचं. नायकाच्या पाठीवर कधी पिठ्ठू नसायचा.

आधी खेळाचं जे खरं आहे ते मान्य करू. २०११ च्या डार्क सोल्समध्ये ही हद्द पंचवीस आणि पन्नास टक्क्यांवर होती. पंचवीसच्या आत चपळ, पन्नासच्या आत मध्यम, पुढे म्हैस. तिसऱ्या भागात, २०१६ मध्ये, ती तीस आणि सत्तरवर आली आणि २०२२ च्या एल्डन रिंगमध्ये तिथेच राहिली. म्हणजे जाड चिलखत घालाल तर मार कमी लागेल, पण चुकवता येणार नाही. हलकं घालाल तर चुकवता येईल, पण एक वार बसला की संपलं. दोन्ही एकदम मिळणार नाही. हे बाळबोध नाही. टीव्हीवरच्या चर्चेत जवानाला आणखी एक कवच द्या म्हणणाऱ्यांना एवढं जरी कळलं तरी पुष्कळ आहे.

भांडण यापुढे सुरू होतं.

पहिली गोष्ट, ही रेघ खोटी आहे. एकूणसत्तर टक्क्यांवर माणूस हरीण आणि एकाहत्तरवर म्हैस, असं कुठल्याही शरीराचं होत नाही. वजन रेघ बघून थकवत नाही. ते पहिल्या किलोपासून खातं, हळूहळू, आणि चौथ्या तासाला तुम्हाला कळतं की दुसऱ्या तासालाच खाल्लं होतं. पण पोरांना रेघ आवडते, कारण रेघेच्या आत सगळं फुकट. एक टक्का शिल्लक राहिला तर त्यात आणखी एक जड अंगठी बसवतात.

या बाबतीत मला डार्क सोल्सचा दुसरा भाग सगळ्यांत प्रामाणिक वाटतो, आणि हे मी चारचौघांत म्हटलं की पोरं अंगावर येतात. २०१४ चा हा भाग मालिकेतला दत्तकपुत्र समजला जातो. पण त्यात सत्तरच्या आतही भार वाढेल तसा कोलांटीचा पल्ला आखडत जातो. रेघ असली तरी रेघेच्या अलीकडेही किंमत मोजावी लागते. आणि त्याहून महत्त्वाचं म्हणजे चुकवण्याचं कसब त्यात वजनाला बांधलेलंच नाही. कोलांटीच्या ज्या क्षणभरात वार लागत नाही तो क्षण किती लांब, हे एका वेगळ्या गुणावर ठरतं आणि तो गुण तुम्हाला कमवावा लागतो. तो कमवला नाही तर उघड्या अंगानेही मार खाता. पोरांचा सगळा राग याच गोष्टीवर. 'हलकं झालो तरी चुकवता येत नाही म्हणजे काय?' म्हणजे हेच. पाच किलोमीटरची बीपीईटी ज्यांनी रायफल आणि सामानासकट धावली आहे, आणि नंतर नऊ फुटी खड्डा मारला आहे, त्यांना हे समजावून सांगावं लागत नाही. सराव झालेला गडी वीस किलो घेऊन जसा आडोशाला जातो तसा नवखा पोरगा बनियनवर जाणार नाही.

पण हा वाद तसा घरातला झाला. मला खरा राग आहे तो दुसऱ्या खोटेपणाचा, आणि तो या मालिकेच्या सगळ्या भागांत सारखाच आहे. वजन मोजलं जातं ते फक्त अंगावर चढवलेल्या सामानाचं. पोतडीचं नाही. पोतडीत तुम्ही वीस तलवारी, पाच चिलखतं, शेकडो बाण आणि दगडगोटे ठेवा, वजन शून्य. म्हणून खेळाडू काय करतो? हातातली जादाची हत्यारं काढून पोतडीत टाकतो, टक्का खाली येतो, आणि म्हणतो, मी हलका झालो. हलका झाला नाहीस बाबा. तुझं ओझं कुणीतरी दुसरा वाहतोय आणि तो पडद्यावर दिसत नाही एवढंच.

हे वाक्य मला कोलकात्यात सुचलं आणि ते कोलकात्यातच सुचायला हवं होतं.

माझी इथली पोस्टिंग म्हणजे बऱ्याच मराठी पाहुण्यांना शहर दाखवण्याची ड्यूटी. आलेला प्रत्येक जण दोन गोष्टींनी खूश होतो. एक, फोर्ट विल्यमचं नाव आता 'विजय दुर्ग' झालं आहे, आपल्या सिंधुदुर्गातल्या विजयदुर्गावरून. आणि त्याचा दक्षिणेकडचा सेंट जॉर्ज दरवाजा आता शिवाजी गेट. दोन, बागबाजारात 'मराठा डिच लेन' नावाची गल्ली आहे. या गल्लीच्या पाटीसमोर उभं राहून फोटो काढताना प्रत्येकाची छाती दोन इंच फुगते. 'इंग्रज आपल्याला घाबरून खंदक खणत होते!'

खणत होते हे खरं. १७४२ साली नागपूरकर रघूजी भोसल्यांचा दिवाण भास्करराम कोल्हटकर बंगालात उतरला आणि कलकत्त्याची गाळण उडाली. कंपनीने शहराभोवती खंदक घ्यायचं ठरवलं. सात मैलांचा बेत होता, सहा महिन्यांत तीनेक मैल खणून झाला, आणि मराठे काही कलकत्त्यावर आले नाहीत म्हणून काम तिथेच थांबलं. १७५६ च्या जूनमध्ये सिराजउद्दौला खरोखर चालून आला तेव्हा खंदकाने त्याला अडवलं नाही. पुढे तो बुजवून १७९९ मध्ये त्यावर सर्क्युलर रोड झाला. आज आचार्य प्रफुल्लचंद्र रोड आणि आचार्य जगदीशचंद्र बोस रोडवरच्या गर्दीत बस अडकते तेव्हा आपण साधारण त्या खंदकावरच अडकलेले असतो. इथल्या गोऱ्या रहिवाशांना त्यावरून 'डिचर' हे टोपणनाव पडलं ते मात्र टिकलं. अर्धवट खणलेल्या खड्ड्यावरून ओळखलं जाणं, हाही एक इतिहासच.

पाहुण्यांची पुढची गोष्ट ठरलेली असते. आपले स्वार हलके, सडे, ना तंबू ना तोफा. समोरचा नवाब लवाजम्याखाली दबलेला. खेळाच्या भाषेत आपण तीस टक्क्यांच्या आत आणि अलिवर्दीखान म्हैस. आणि हे चूक नाही. एप्रिल १७४२ मध्ये बर्दवानजवळ अलिवर्दीला मराठ्यांनी गाठलं तेव्हा त्यांनी समोरासमोर लढाई दिलीच नाही. भोवती घिरट्या घातल्या, रसद तोडली, सामान लुटलं. लढत लढत, उपाशीपोटी तो कसाबसा कटव्याला पोचला. मे महिन्यात अलिवर्दी परतण्याआधी मराठे मुर्शिदाबादेत शिरून जगतशेठाची कोठी लुटून निघूनही गेले. वेगाने काय साधतं याचा याहून चांगला धडा शोधून सापडणार नाही.

मग माझा प्रश्न. हे स्वार खात काय होते?

घोडा रोज दाणा-चारा मागतो. माणूस रोज भाकरी मागतो. वऱ्हाड-नागपुराहून हजारो घोडी बंगालात आली, तंबू नाही, धान्याचे तांडे नाहीत, आणि तरी महिनोन् महिने राहिली. वजन कुठे गेलं? ते बर्दवानच्या, वीरभूमच्या, मेदिनीपूरच्या शेतकऱ्याच्या घरात ठेवलेलं होतं. त्याचं भात, त्याचा पेंढा, त्याचे पैसे. ती आमची पोतडी. गंगाराम नावाच्या बंगाली कवीचं 'महाराष्ट्र पुराण' त्याच काळात लिहिलेलं आहे. गावं सोडून पळणारे लोक, जाळलेली घरं, पैसे न दिल्याबद्दल हातपाय तोडलेली माणसं, बायकांवरचे अत्याचार, हे सगळं त्यात आहे. अतिशयोक्ती धरून कितीही वजा करा, उरतं ते कमी नाही. 'बारगीर' म्हणजे आपल्याकडे सरकारी घोड्यावरचा साधा स्वार. स्वतःचा घोडा असलेला तो शिलेदार. या बारगिराचा इथे 'बर्गी' झाला आणि तो अंगाईत गेला. इथली आई अजून मुलाला झोपवताना बर्ग्यांचं नाव घेते. माझ्या शेजारच्या बंगाली काकींनी मला ती म्हणून दाखवली, आणि नंतर संकोचून चहा आणला. आपल्या पाहुण्यांना मी हे सांगतो तेव्हा ते फोनमध्ये बघायला लागतात.

हलकेपणाचा अभिमान बाळगायला माझी ना नाही. मी स्वतः पायदळातला आहे. हलकं असण्याचं सुख मला चांगलं माहीत आहे. पण 'आम्ही सडे होतो' असं म्हणताना ओझं कुणावर टाकून सडे होतो हेही त्याच दमात म्हणायची तयारी हवी. शिवाजी महाराजांच्या आज्ञापत्रांतून रयतेच्या काडीलाही हात लावू नका असं पुन्हा पुन्हा बजावलं जातं, त्याचं कारण फक्त दया नव्हे. हलक्या फौजेला पहिला मोह कसला होतो, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. चिपळूणच्या छावणीतल्या लोकांना १६७४ मध्ये लिहिलेलं पत्र काढून बघा. दाणागोटा बेतानं वापरा, तो संपला तर तुम्ही कुणब्याकडे जाल, असा त्याचा सरळ हिशोब आहे. वजनाचं इतकं नेमकं लेखी गणित मी दुसरीकडे वाचलेलं नाही. दुसऱ्या खंडातल्या सरकारी पुस्तकांतसुद्धा नाही.

आणि हलकेपणा टिकतही नाही, हेही बंगालनेच दाखवलं. पावसाळ्यात भास्करराम कटव्याला बसला. बसला की फौज जड होते. वसुली, कोठारं, दरबार. दाईंहाटला त्याने थाटात दुर्गापूजा मांडली. सप्टेंबर १७४२ च्या अखेरीस, पूजा चालू असताना, अलिवर्दीने गुपचूप नदी ओलांडून पहाटे छापा घातला आणि मराठ्यांना पळता भुई थोडी झाली. सहा महिन्यांपूर्वीची म्हैस हरीण झाली होती आणि हरणाची म्हैस. १७५१ च्या तहात ओडिशा आणि वर्षाला बारा लाखांची चौथ मिळाली, हे खरं. पण भास्करराम ते बघायला नव्हता. १७४४ च्या मार्चमध्ये मनकऱ्याला तहाच्या बोलणीसाठी तंबूत बोलावून त्याला मारलं होतं. त्या वाराला कुठलीच कोलांटी चालत नाही.

लगेच कुणीतरी पालखेड आणि पानिपत काढेल, म्हणून तेही उरकतो. १७२८ मध्ये बाजीरावांनी निजामाला गोदावरीकाठी खेळवलं ते हलकेपणावर, आणि १७६१ मध्ये भाऊ अडकले ते तोफा, बुणगे आणि यात्रेकरूंच्या ओझ्याखाली. सुरजमल जाटाने जड सामान आणि कुटुंबं मागे ठेवायला सांगितलं होतं, ते ऐकलं नाही. मान्य. पण 'तोफा नको, घोडाच हवा' हा त्यातून काढलेला धडा मला पटत नाही. इब्राहिमखानाच्या गारद्यांनी त्या दिवशी जे काम केलं ते हलक्या स्वारांना जमलं नसतं. तोफा जड होत्या म्हणून घात झाला नाही. ज्यांचा लढाईशी संबंध नाही असं ओझं लढणाऱ्यांच्या गळ्यात होतं, आणि ते उतरवायला मागे सुरक्षित जागा ठेवलेली नव्हती.

आता आजचं बघू. अमेरिकन लष्कराच्या १९९० च्या नियमपुस्तिकेत लढताना अंगावर फार तर ४८ पौंड, म्हणजे सुमारे बावीस किलो, आणि कूच करताना ७२ पौंड, म्हणजे तेहतीसच्या आत, असं दिलेलं होतं. शरीराच्या वजनाच्या साधारण तीस टक्के आणि पंचेचाळीस टक्के. (तीस टक्के! जपानी खेळवाल्यांनी तिथून उचललं असं मी म्हणत नाही, पण गंमत वाटली.) २००३ मध्ये त्यांच्याच एका पथकाने अफगाणिस्तानात छत्रीधारी सैनिकांचं ओझं प्रत्यक्ष तोललं. सरासरी निघाली लढताना ६३ पौंड आणि कूच करताना १०१ पौंड. आणीबाणीच्या कूचमध्ये १३२. साठ किलो! पुस्तक एक सांगतं, पाठ दुसरं.

आपल्याकडचा साधा हिशोब करू. पासष्ट किलोचा जवान धरला तर तीस टक्के म्हणजे साडेएकोणीस किलो. जुनं बुलेटप्रूफ जाकीट दहाच्या पुढे. रायफल चारच्या आसपास. दोन लिटर पाणी म्हणजे दोन किलो. सोळा इथेच झाले. उरलेल्या साडेतीन किलोत गोळ्या, ग्रेनेड, डोक्यावरचं, रेडिओ आणि बॅटऱ्या बसवून दाखवा. डीआरडीओ आणि आयआयटी दिल्लीने २०२४ मध्ये 'अभेद' जाकीट जाहीर केलं, त्यातलं हलकं ८.२ किलोचं आहे. ही खरी मदत आहे आणि त्याबद्दल मी मनापासून टाळी वाजवतो. पण मला भीती त्या वाचलेल्या दोन किलोंची वाटते. ते पाठीला मिळणार नाहीत. कुठल्यातरी टेबलावर कुणीतरी म्हणेल, 'आता जागा झाली आहे, हे उपकरण पण देऊ, अर्धाच किलो आहे.' खेळातल्या पोराने शिल्लक टक्क्यात अंगठी बसवावी, तसं. अर्धा किलो सुचवणाऱ्याने तो अर्धा किलो एकदा चढावर नेऊन दाखवावा, एवढी अट घाला. निम्मी उपकरणं टेबलावरच राहतील.

आणि जे आपण खरोखर उतरवतो ते तरी कुठे जातं? खेचराच्या पाठीवर, आणि खेचर जिथे जात नाही तिथे पोर्टरच्या. कारगिलला वर गेलेला दारूगोळा आणि पाण्याचे डबे आठवा. शिखरावरच्या फोटोत जे दिसत नाहीत त्यांच्यातले कितीतरी द्रास आणि लडाखच्या गावांतले होते. पूर्वेकडच्या डोंगरांतही तेच. 'हलकी पलटण' हा शब्द मी ज्या ज्या वेळी ऐकतो, त्या त्या वेळी मला मागून चालणारी, डोक्याला पट्टा लावलेली माणसं दिसतात. त्यांचा पगार, त्यांचे बूट, त्यांचा विमा हा पलटणीच्या वजनाच्या तक्त्यात नसतो. तो असायला हवा. टक्केवारी काढायचीच असेल तर त्यांना धरून काढा.

एका खेळाने ही पोतडी उघडून दाखवली आहे, आणि तो बराकीत सगळ्यांत नावडता आहे. २०१९ चा 'डेथ स्ट्रँडिंग'. त्यातला नायक तलवारबाज नाही, हमाल आहे. पाठीवर खोक्यांची चळत, चळत उंच झाली की तोल जातो, उतारावर दोन्ही बटणं दाबून स्वतःला सावरावं लागतं, ओढ्यात पाय घसरला की माल वाहून जातो, बूट झिजतात. प्रत्येक किलो त्याच्याच पाठीवर, दुसऱ्या कुणाच्या नाही. मी तो आमच्या मनोरंजन खोलीत मुद्दाम लावायला सांगितला. कऱ्हाडकडचा एक पोरगा, एल्डन रिंगमध्ये सगळ्यांचा गुरू, नेटाने दोन तास खेळला. मग कंट्रोलर खाली ठेवून म्हणाला, 'साहेब, ही तर ड्यूटीच झाली की,' आणि परत जाऊन आपल्या माणसाच्या अंगावरचं शिरस्त्राण काढून पोतडीत टाकलं. एकोणसत्तर पूर्णांक आठ.